बी.फार्मच्या वाढीव जागा, धारवाडचा 'स्टे' आणि भाचीचा प्रवेश : फी भरावी का?

भाचीचा_मामा
नमस्कार मंडळी. मी निपाणीचा. भाचीचं पीयूसी सायन्स (आपली बारावी) यंदा झालं, बी.फार्मला घालायचं ठरलंय. घरून बसने जाऊन-येऊन होईल असं एक कॉलेज आहे. नाव घेत नाही, कुणी विचारूही नका. तिथं गेल्या वर्षापर्यंत ६० जागा होत्या. यंदा फार्मसी कौन्सिलने १०० केल्या, तसं पत्र ऑफिसात दाखवलं. पण वाढीव ४० जागांना विद्यापीठाने संलग्नता दिलेली नाही. संस्था हायकोर्टाच्या धारवाड खंडपीठात गेली, "स्टे मिळालाय" म्हणतात, आणि मॅनेजमेंट कोट्यातले प्रवेश जोरात चालू आहेत.

मी क्लार्कला सरळ विचारलं, आमची पोरगी त्या साठात बसते की चाळिसात? तो म्हणाला, "काका, वर्गात बाकं काय वेगळी मांडलीत?"

वर्षाची फी एकरकमी, शिवाय मार्क्स कार्डं आणि टीसी ओरिजिनल जमा करायला सांगितलंय. बहीण म्हणते जवळ आहे, पोरगी घरी राहील, भर पैसे. मेहुणे म्हणतात कोर्टाचा कागद आहे म्हणजे पक्कं. मला काही पटेना. कायदा कळणाऱ्यांनी आणि यातून गेलेल्यांनी सांगावं.

शहापूर_कॉर्नर
धारवाडला जाऊन कोण पेढा आणतंय, कोण स्टे. पेढा निदान आठवडाभर टिकतंय. मामा, पैसे देऊ नको गा एवढ्यात.

काळा_कोट
मामा, मी धारवाडलाच प्रॅक्टिस करतो. प्रवेशाच्या दिवसांत अशा रिट येतातच, म्हणून सांगतो. फी भरण्याआधी आदेशाची प्रत मागा. लांबून दाखवलेला कागद नको, प्रत हवी. नाही दिली तर केस नंबर मागा. हायकोर्टाच्या वेबसाइटवर धारवाड खंडपीठ निवडून नंबर टाकला की आदेश फुकटात वाचता येतात.

आदेशात काय बघायचं? कधी कोर्ट विद्यापीठाला एवढंच सांगतं, की संस्थेचा अर्ज अमुक आठवड्यांत निकाली काढा. त्यात प्रवेशाचा 'प्र'सुद्धा नसतो. कधी अर्ज फेटाळल्याच्या पत्राला स्थगिती मिळते. पत्र थांबलं म्हणून संलग्नता हातात आली असं होत नाही, पण छापील जाहिरातीत तसंच येतं. आणि कधी खरोखरच प्रवेश द्यायची मुभा मिळते, ती "याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहून". काउंटरवर या सगळ्यांना 'स्टे' म्हणतात.

निकाल संस्थेच्या विरुद्ध गेला तर पोरांचं काय, हा पुढचा प्रश्न. 'कोर्ट पोरांचं नुकसान होऊ देत नाही' हा समज आपल्याकडे फार घट्ट आहे. १९८६ साली आंध्रातल्या एका ख्रिश्चन मेडिकल सोसायटीने मान्यता नसताना विद्यार्थी भरले होते. त्यांना परीक्षेला बसू द्या, अशी विनंती सुप्रीम कोर्टात झाली. विद्यापीठाने स्वतःचाच कायदा मोडावा असा आदेश आम्ही देऊ शकत नाही, असं कोर्टाने स्पष्ट सांगितलं. १९९१ ला तामिळनाडूतल्या सेंट जोसेफ टीचर्स ट्रेनिंग इन्स्टिट्यूटच्या प्रकरणात तोच सूर होता, मान्यता नसलेल्या संस्थेच्या मुलांना अंतरिम आदेशाने परीक्षेला बसवू नका म्हणून. हायकोर्टातून तरीही कधीमधी दिलासा मिळतो, नाही असं नाही. पण त्या आशेवर पोरीचं वर्ष लावायचं का, हे घरात बसून ठरवा.

आवक_जावक
वकीलसाहेबांचा कायदा बरोबर आहे. पण कोर्टात गेलेलं प्रत्येक कॉलेज लबाड, असा सूर इथं लागायला नको म्हणून लिहितो. मी एका पदवी कॉलेजच्या ऑफिसात निवृत्त होईपर्यंत होतो. बीए, बीकॉम, नंतर बीसीए. संलग्नतेची फाईल वर्षानुवर्षं माझ्याच टेबलावर.

बाहेरच्यांना वाटतं संलग्नता एकदा मिळाली की संपलं. कायम संलग्नता मिळालेली कॉलेजं असतात, पण बाकीच्यांना दरवर्षी अर्ज, दरवर्षी फी. मग विद्यापीठाची लोकल इन्क्वायरी कमिटी येणार. आम्ही तिला एलआयसी म्हणायचो, पॉलिसीवाली नव्हे. कमिटी येणार म्हटल्यावर भिंतींना चुना, झाडांना गेरू. ग्रंथालयात पुस्तकं कमी पडली तर शेजारच्या संस्थेतून टेम्पो. खोटं कशाला बोलू, हे चालायचं. पण आमच्या कॉलेजात मास्तर खरे होते, वर्ग खरे होते, तरी कमिटीचा अहवाल गेल्यावर तो विद्यापीठात पडून राहायचा. तिथून शिफारस सरकारकडे, सरकारची मंजुरी परत विद्यापीठाकडे, मग आम्हाला पत्र. तोवर पोरं पहिल्या युनिट टेस्टला बसलेली असायची. आम्ही प्रवेश थांबवले असते तर पोरं गावाबाहेर गेली असती आणि दुसऱ्या वर्षी 'विद्यार्थीसंख्या कमी' हा शेरा आम्हालाच बसला असता.

सुप्रीम कोर्टानेच २०१२ ला पार्श्वनाथ ट्रस्टच्या निकालात तंत्रशिक्षणाचं वेळापत्रक आखून दिलं. एआयसीटीईची, म्हणजे तंत्रशिक्षणाच्या केंद्रीय परिषदेची, मान्यता १० एप्रिलपर्यंत, विद्यापीठाची संलग्नता १५ मेपर्यंत. बी.एड.साठी त्याच वर्षी दुसरा निकाल आला, त्यात मान्यता ३ मार्च आणि संलग्नता १० मे. तारखा वाचून ऑफिसात आम्ही चहा मागवला होता. आमच्या बीए-बीकॉमला तर असं बांधलेलं काहीच नव्हतं. उशीर वरून होतो आणि बेकायदा आम्ही ठरतो.

काळा_कोट
@आवक_जावक, उशिराचं तुमचं म्हणणं मान्य. अशा केसेसमध्ये न्यायाधीशही विद्यापीठाच्या वकिलाला झापतात. पण तुमच्या कॉलेजात आधीच्या वर्षाची संलग्नता होती, नवीन वर्षाचं पत्र उशिरा यायचं. मामांच्या केसमध्ये त्या ४० जागा कधीच नव्हत्या. नूतनीकरणाचा उशीर आणि नवीन जागांचा नकार, दोन्हींकडे कोर्ट एकाच नजरेने बघत नाही.

शहापूर_कॉर्नर
कमिटीला मांडे खायला घातला काय नाही, त्यावर पण असतंय म्हणे 😄

आवक_जावक
मांडे नाही, कुंदा. बिल माझ्याकडेच यायचं.

सांगलीची_लेक
मी फार्मसी कॉलेजात शिकवते, महाराष्ट्राच्या बाजूला. साठाचे शंभर हा आकडा कुठून येतो ते सांगते, म्हणजे विद्यापीठ का अडवतं ते कळेल.

बी.फार्मला कौन्सिल ६० किंवा १०० जागा देते. थिअरीच्या वर्गात शंभर पोरं बसवायला काही लागत नाही, खुर्च्या आणल्या की झालं. खरी गोची प्रॅक्टिकलला. एका बॅचला २० विद्यार्थी. साठाच्या तीन बॅचा, शंभराच्या पाच. चार वर्षांचा कोर्स, म्हणजे वरच्या वर्गात पोरं सरकत जातील तशा फार्मास्युटिक्स, केमिस्ट्री, फार्माकॉलॉजी, फार्माकॉग्नोसी सगळीकडे बॅचा वाढतात. तेवढे शिक्षक, तेवढी यंत्रं, तेवढे तास हवेत. टॅब्लेट पंचिंग मशीन एकच असेल तर पाचवी बॅच ते लांबूनच बघणार. कौन्सिलला दाखवलेले शिक्षक सप्टेंबरात वर्गावर असतातच असं नाही. विद्यापीठाची कमिटी वेगळ्या दिवशी येते आणि तिला वेगळं चित्र दिसतं.

यात कोर्टकज्जे खूप झालेत. आधी भांडण होतं एआयसीटीई आणि फार्मसी कौन्सिलचं. विदर्भातल्या एका फार्मसी कॉलेजच्या केसमध्ये, तोष्णीवाल ट्रस्ट म्हणून शोधा, प्रश्न जागांच्या आकड्याचाच होता. मार्च २०२० मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की फार्मसी शिक्षणात १९४८ चा फार्मसी कायदा हा विशेष कायदा आहे, तेव्हा शब्द कौन्सिलचा. मग कौन्सिलने २०१९ मध्ये नवीन कॉलेजांवर घातलेली पाच वर्षांची बंदी कोर्टात गेली. कर्नाटक, दिल्ली, छत्तीसगडच्या हायकोर्टांनी ती उडवली आणि सप्टेंबर २०२२ मध्ये सुप्रीम कोर्टानेही तेच कायम ठेवलं. व्यवसाय करण्याच्या मूलभूत हक्कावर अशी बंदी नुसत्या ठरावाने घालता येत नाही, कायद्याने घालावी लागते, हा मुद्दा. त्यानंतर आमच्या भागात तरी डी.फार्म, बी.फार्मचे बोर्ड भराभर लागले. पोल्ट्रीच्या शेडशेजारी कॉलेज पाहिलंय मी.

भाचीचा_मामा
ताई, मग कौन्सिलचा शब्द शेवटचा म्हणताय तर कौन्सिलच्या १०० च्या पत्रापुढे विद्यापीठाचं काय चालतं? क्लार्कपण हेच म्हणत होता. सुप्रीम कोर्टाचा निकाल आहे म्हणाला.

सांगलीची_लेक
तो तोष्णीवालचाच सांगत असणार. ते भांडण दोन केंद्रीय संस्थांमधलं होतं. विद्यापीठाचा विषय वेगळा, वकीलदादा नीट सांगतील.

काळा_कोट
सांगतो. केरळच्या एपीजे अब्दुल कलाम तंत्रशास्त्र विद्यापीठाची केस आहे, जय भारत कॉलेजविरुद्ध, डिसेंबर २०२०. केंद्रीय परिषदेने ठरवलेले निकष हे किमान आहेत, विद्यापीठ त्याहून खाली जाऊ शकत नाही, पण संलग्नता देताना त्याहून कडक निकष लावू शकतं, असं सुप्रीम कोर्टाने सांगितलं. तो निकाल एआयसीटीईच्या संदर्भातला. फार्मसीला तो जसाच्या तसा लागतो का यावर दोन्ही बाजूंचे वकील भांडतील, ते आमचं पोट आहे. पण कौन्सिलचं पत्र आलं म्हणजे विद्यापीठाने डोळे मिटून सही करायची, असं कुठल्याही निकालात नाही.

कर्नाटकात फार्मसी, नर्सिंग, आयुर्वेद वगैरे १९९६ पासून राजीव गांधी आरोग्य विज्ञान विद्यापीठाकडे आहे. आपल्या राणी चन्नम्मा विद्यापीठाचा त्यात संबंध नाही. निपाणी-चिकोडीकडचे पालक पुष्कळदा भूतरामहट्टीला, राणी चन्नम्माच्या आवारात, जाऊन चौकशी करतात आणि हेलपाटा पडतो. कायद्याचं कॉलेज असेल तर हुबळीचं लॉ विद्यापीठ, इंजिनिअरिंगला व्हीटीयू (विश्वेश्वरय्या तंत्र विद्यापीठ). कुठला कोर्स कुणाकडे हे आधी बघा.

चंदगडी
माझ्या बहिणीचं नर्सिंगचं सांगतो. आमचा तालुका महाराष्ट्रात, पण बाजार, दवाखाना, कॉलेज सगळं बेळगाव. तिने बेळगावकडच्या एका कॉलेजातून बी.एस्सी. नर्सिंग केलं. विद्यापीठाची संलग्नता होती, राज्याच्या कौन्सिलची मान्यता होती, परीक्षा वेळेवर, काही तक्रार नाही.

मधेच २०१७ ला कर्नाटक हायकोर्टाचा निकाल आला, की नर्सिंग कॉलेजांना मान्यता देण्याचा अधिकार इंडियन नर्सिंग कौन्सिलला नाही. कॉलेजवाल्यांच्या संघटनेने केस जिंकली, पेढे वाटले असतील. आणि बहीण पुण्यात एका खाजगी हॉस्पिटलात मुलाखतीला गेली तर तिथं म्हणाले, दिल्लीच्या कौन्सिलच्या यादीत कॉलेजचं नाव दाखवा. यादीत नाव नाही. निकालाची प्रत काढून दाखवली तर एचआरची बाई म्हणाली, आम्हाला कोर्टाचं काय सांगता, चेकलिस्टमध्ये रकाना आहे तो भरा. शेवटी दुसरीकडे लागली, आता बरं चाललंय.

सांगायचा मुद्दा, कॉलेज केस हरलं तर पोरांचं नुकसान हे सगळ्यांना कळतं. इथं कॉलेज जिंकलं होतं. आपण सीमेवरची माणसं, डिग्री एका राज्यात घेणार, नोकरी दुसऱ्या राज्यात. इकडच्या कोर्टाचा कागद तिकडच्या खिडकीवर चालेलच असं धरून चालू नका.

बॅकलॉग_भाऊ
चंदगडी +१

इंजिनिअरिंगला आमच्या बॅचला झालेलं. कॉलेजने मंजूर आकड्यापेक्षा जास्त पोरं घेतली. सगळ्यांचे यूएसएन, म्हणजे विद्यापीठाचे नंबर, आले, शेवटच्या काही जणांचे येईनात. विचारलं की "पोर्टल डाऊन आहे". इंटर्नल दिली, लॅब रेकॉर्ड लिहिले, परीक्षेचा फॉर्म भरायची वेळ आली तरी पोर्टल डाऊन. जगात कुठलं पोर्टल एवढं डाऊन असतं? माझा रूम पार्टनर त्यातला. पुढच्या वर्षी दुसऱ्या कॉलेजात परत फर्स्ट सेमला बसला. फी अर्धी परत मिळाली, तीपण भांडून.

मामा, साठात की चाळिसात हे वर्गात कधीच कळत नाही. नंबर पडतो तेव्हा कळतं.

तांबडी_माती
खानापुरातून. मूळ प्रश्न सोडून विचारतो, रागवू नका. आपल्या भागातल्या मराठी संस्थांना शिवाजी विद्यापीठाशीच का जोडून घेता येत नाही? कोल्हापूर जवळ, भाषा एक. तिकडच्या कॉलेजांना तर हल्ली शिवाजी की लोणेऱ्याचं तंत्र विद्यापीठ असा पर्यायसुद्धा मिळतो इंजिनिअरिंग-फार्मसीला. आम्हाला मात्र जे आहे ते.

कॅम्पातला_म्हातारा
तांबडी_माती, आमच्या घरातल्या सनदा बघायला ये एकदा. वडील लिंगराज कॉलेजचे, तेव्हा बेळगाव मुंबई इलाख्यात, सनद मुंबई विद्यापीठाची. १९४९ ला कर्नाटक विद्यापीठ निघालं, तेही आधी मुंबईतच, पुढच्या वर्षी धारवाडला आलं. माझी सनद त्याची. नातू राणी चन्नम्माचा, ते २०१० ला धारवाडातून फुटून झालं. शिवाजी विद्यापीठ १९६२ चं, तोवर १९५६ ची राज्य पुनर्रचना होऊन गेलेली, बेळगाव म्हैसूर राज्यात. त्यामुळे आमच्या घरात कोल्हापूरची सनद आलीच नाही. तीन पिढ्या, तीन विद्यापीठं, घर मात्र कॅम्पातलं तेच, कौलंसुद्धा बदललेली नाहीत.

परवा बागलकोटचा एक मित्र सांगत होता, त्यांच्याकडे २०२३ पासून बागलकोट विद्यापीठ वेगळं झालं आणि २०२५ मध्ये अशी नवी विद्यापीठं बंद करून जुन्यात मिसळायची चर्चा सुरू. नातीने कुठल्या विद्यापीठाचं नाव टाकावं फॉर्मवर, म्हणतोय.

काळा_कोट
@तांबडी_माती, राज्याच्या विद्यापीठाचं कार्यक्षेत्र त्याच्या कायद्यात लिहिलेलं असतं आणि राज्याच्या हद्दीबाहेर त्याला कॉलेज संलग्न करता येत नाही. २००५ च्या यशपाल निकालात, ती छत्तीसगडच्या खाजगी विद्यापीठांची केस होती, हा हद्दीचा मुद्दा नीट आलाय. युजीसीही तेच सांगते. महाराष्ट्राने २००४ मध्ये सुप्रीम कोर्टात लावलेला सीमाभागाचा दावा पडून आहे. त्याचा निकाल लागेपर्यंत संलग्नता इकडचीच.

विद्यार्थ्याला मात्र पलीकडे जाता येतं. महाराष्ट्राच्या सीईटी सेलच्या नियमांत सीमाभागातल्या ८६५ गावांतल्या मराठी मातृभाषेच्या मुलांसाठी वेगळा पात्रता प्रकार आहे. मामा, हे तुमच्या कामाचं आहे. भाचीने दहावी-पीयूसी निपाणीतूनच केलं असेल तर बघा.

तांबडी_माती
२००४ चा दावा. मी तेव्हा शाळेत होतो. आता माझा पोरगा शाळेत आहे.

शहापूर_कॉर्नर
त्याच्या पोराला पण तारीखच मिळतीय बघ.

संपादक
सीमाप्रश्नावर स्वतंत्र धागा आहे, बराच लांबलेला आहे, तिकडे लिहावे. इथले त्या विषयावरचे आणखी प्रतिसाद उडवले जातील.

आवक_जावक
सीमाप्रश्न नाही, पण संस्थांबद्दल एक सांगतो. मराठी भाषिक कर्नाटकात अल्पसंख्याक, म्हणून आमच्या मंडळींनी एकदा घटनेच्या ३० व्या कलमाखाली भाषिक अल्पसंख्याक दर्जाचा विचार केला होता. त्यात एका संचालकांचा समज असा, की तो दर्जा आला की कमिटी नको, जागांचं बंधन नको. २००२ चा अकरा न्यायाधीशांचा टी.एम.ए. पै निकाल, तो मूळ मणिपालच्या संस्थेचाच, म्हणजे आपल्याच राज्यातला. त्यात अल्पसंख्याकांचा संस्था चालवायचा हक्क मानलाय, अल्पसंख्याक कोण ते राज्यावरून ठरेल असंही सांगितलंय, पण शिक्षणाचा दर्जा आणि संलग्नतेच्या अटी यांतून कुणाला माफी दिलेली नाही. आमच्या वकिलाने हे सांगितल्यावर त्या संचालकांचा उत्साह मावळला.

माझं म्हणणं एवढंच, की छोट्या मराठी संस्थांकडे बेंगळुरूला चकरा मारायला माणूस नसतो. कागद सगळे कन्नडात, वरचे सगळे ओळखीवर. मोठ्या संस्थांना ज्या वाढीव जागा फोनवर मिळतात त्यासाठी लहान संस्थेला धारवाड गाठावं लागतं.

सांगलीची_लेक
काका, भाषेचा अडथळा समजू शकते. पण शिक्षक नसताना जागा वाढवून मागणाऱ्या संस्था मराठी पण आहेत, कन्नड पण आहेत आणि आमच्या महाराष्ट्रात तर ढीगभर आहेत. माझ्याच आधीच्या कॉलेजात इन्स्पेक्शनपुरते आणलेले तीन प्राध्यापक मी डोळ्यांनी पाहिलेत, एक जण तर मेडिकल दुकान सोडून आला होता आणि सारखा फोनवर स्टॉक विचारत होता.

आवक_जावक
हे मात्र खरं आहे ताई. त्याला उत्तर नाही.

भाचीचा_मामा
मंडळी, कागद मिळाला. काळा_कोटसाहेबांनी सांगितलं तसं प्रत मागितली तर "ऑफिसचा कागद बाहेर देत नाही" म्हणाले. केस नंबर मागितला तर बराच वेळ इकडेतिकडे करून दिला. भाचीनेच मोबाइलवर आदेश काढला. इंग्रजीत दीड पान. त्यात असं आहे, की विद्यापीठाने संस्थेच्या अर्जावर चार आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा, आणि कोर्टाने अर्जाच्या गुणदोषांवर कसलंही मत दिलेलं नाही. प्रवेशाचं नाव नाही. स्थगिती हा शब्दच नाही!

मेहुण्यांना वाचून दाखवलं तर म्हणाले, चार आठवड्यांत देतीलच की. क्लार्कला फोन केला तर तो म्हणाला, आमचे वकील म्हणतात हाच स्टे.

शहापूर_कॉर्नर
त्या वकिलाची सनद कुठल्या विद्यापीठाची ते बघ आधी 😄

काळा_कोट
मामा, झालं तर मग. आता साठ की चाळीस या तुमच्या मूळ प्रश्नाचं उत्तर. केईएच्या (कर्नाटकाच्या परीक्षा प्राधिकरणाच्या) सीट मॅट्रिक्समध्ये, म्हणजे जागांच्या तक्त्यात, त्या कॉलेजपुढे यंदा किती जागा दाखवल्यात ते बघा. तिथे मंजूर जागाच येतात. केईएच्या फेरीतून तुमच्या भाचीला जागा मिळाली, अलॉटमेंट ऑर्डर हातात आली, तर ती साठातली समजा. वाद जो काही असेल तो मॅनेजमेंट कोट्याच्या खालच्या टोकाला साठतो, कारण तिथं कोण कितवा आला हे कॉलेजलाच माहीत. मॅनेजमेंटमधून घ्यायचंच झालं तर लेखी मागा, की हा प्रवेश संलग्नता असलेल्या ६० जागांतला आहे. लिहून देणार नाहीत. त्यातच उत्तर आलं.

आणि ओरिजिनल मार्क्स कार्ड कुणाकडेही ठेवू नका. तपासून परत द्यायचं असतं, ठेवून घ्यायचं नाही, असं युजीसीने २०१८ मध्येच काढलंय. एकदा कागद त्यांच्या कपाटात गेले की पोरीला दुसरीकडे हलता येत नाही. ओरिजिनल मागण्यामागचं खरं कारण बहुतेक वेळा तेच असतं.

बॅकलॉग_भाऊ
माझ्या पार्टनरची मार्क्स कार्डं सोडवायला त्याच्या वडिलांना माजी आमदाराचा फोन लावायला लागला होता.

चंदगडी
वकीलसाहेब, समजा कुणी आधीच फी भरली असेल आणि नंतर कळलं की संलग्नता नाही, तर ग्राहक कोर्टात जाता येतं का? आमच्या गावातला एक पोरगा आहे. शिक्षण ही सेवा नाही म्हणून हाकलतात असं ऐकलंय.

काळा_कोट
परीक्षा, निकाल, गुणपडताळणी यांसाठी मंडळ किंवा विद्यापीठाविरुद्ध गेलात तर हाकलतात, ते बरोबर. पण संलग्नता असल्याची खोटी जाहिरात करून प्रवेश दिला असेल तर गोष्ट वेगळी. पाटण्याच्या बुद्धिस्ट मिशन डेंटल कॉलेजने मगध विद्यापीठाची संलग्नता आणि डेंटल कौन्सिलची मान्यता असल्याचं भासवून पोरं घेतली होती. पोरं राष्ट्रीय ग्राहक आयोगात गेली, भरपाई मिळाली, आणि २००९ मध्ये सुप्रीम कोर्टाने ती कायम ठेवली. तेव्हा त्या पोराला जाहिरात, प्रॉस्पेक्टस, फीच्या पावत्या, व्हॉट्सअॅपवरचे मेसेज सगळं जपून ठेवायला सांगा. तोंडी आश्वासन कोर्टात सिद्ध करणं अवघड जातं. गेलेलं वर्ष मात्र भरपाईत परत येत नाही, त्या केसमधली पोरंही कोर्टात वर्षानुवर्षं होती.

कॅम्पातला_म्हातारा
धारवाडला सर्किट बेंच २००८ ला आलं, पुढं त्याचंच कायम खंडपीठ झालं, म्हणून हे तरी होतंय. त्याआधी बेंगळुरूला जावं लागायचं, रात्रीची गाडी, लॉजचं भाडं. कोल्हापूरला तर सर्किट बेंच आत्ता ऑगस्ट २०२५ मध्ये आलं. तोवर त्यांचे लोक मुंबईला.

शहापूर_कॉर्नर
म्हणजे आता कोल्हापूरची कॉलेजं पण जवळच्या जवळ स्टे आणणार. सोय झाली.

भाचीचा_मामा
फी भरत नाही, ठरलं. बहीण रुसली आहे, निघेल रुसवा. केईएच्या पुढच्या फेरीपर्यंत थांबायचं आणि शेजारी महाराष्ट्रातही अर्ज टाकून ठेवायचा. निपाणी त्या ८६५ च्या यादीत आहे ना? आणि कागद कुठले लागतात, कुणी टाकलाय का अर्ज?

चंदगडी
निपाणी आहे यादीत. माझ्या आतेभावाने टाकला होता, तो निपाणीजवळचाच. गाव यादीत असल्याचा एक आणि मातृभाषा मराठी असल्याचा एक असे दोन दाखले लागले. माहितीपुस्तिकेत नमुना दिलेला असतो, त्याच नमुन्यात घ्या, नाहीतर पडताळणी केंद्रावर परत पाठवतात.

सांगलीची_लेक
थांबा मामा, त्याआधीचं विचारते. भाचीने एमएचटी-सीईटी दिलीय का? महाराष्ट्रात बी.फार्मला ती किंवा नीट लागते. कर्नाटकाची सीईटी इकडे धरत नाहीत.

भाचीचा_मामा
सीईटी कर्नाटकाचीच दिलीय. पण नीट दिलीय. मार्क विचारू नका.

सांगलीची_लेक
नाही विचारत 🙂 स्कोअर असला की अर्ज टाकता येतो. नोंदणीची शेवटची तारीख आजच बघा आणि ते दोन दाखले आधी काढायला घ्या, त्यालाच वेळ जातो.